एरिख पॉमर - हा निर्माता नेमकं करायचा तरी काय?

अर्धविराम

नमस्कार मंडळी, बरीच वर्षं वाचनमात्र होते, पहिल्यांदाच धागा काढतेय तेव्हा सांभाळून घ्या.

गेले दोन महिने जुने जर्मन मूकपट बघायचं वेड लागलंय. सुरुवात अर्थातच मेट्रोपोलिसपासून झाली, मग 'द कॅबिनेट ऑफ डॉ. कॅलिगरी', मग मुर्नाऊचा तो हॉटेलच्या दरवानाचा 'द लास्ट लाफ', मग फाउस्ट, आणि परवा निबेलुंगेनचे दोन्ही भाग (एका बैठकीत नाही, तेवढी सहनशक्ती नाही माझ्यात). आता गंमत अशी की दिग्दर्शक वेगळे, दिसायला एकाचा दुसऱ्याशी संबंध नाही, एकात रंगवलेले वाकडे पडदे तर दुसऱ्यात खरीखुरी वाटणारी ओली रस्त्याची फरशी, पण प्रत्येकाची माहिती काढायला गेलं की निर्माता म्हणून एकच नाव येतं, एरिख पॉमर. एकच!

दिग्दर्शकांवर ढिगाने लिहिलेलं सापडतं. या माणसाबद्दल मात्र दोन ओळी, 'महान निर्माता होता' आणि 'मेट्रोपोलिसवर पैसे उधळले म्हणून हाकलला'. यातलं दुसरं खरं आहे का? आणि मुळात त्या काळात निर्माता करायचा काय? पैसे लावायचा? की बँकेचे पैसे आणून द्यायचा आणि सेटवर येऊन खुर्चीत बसायचा? एवढे वेगवेगळे सिनेमे एकाच माणसाच्या हाताखालून जातात हा योगायोग की त्याचं खरंच काही डोकं होतं त्यामागे?

जाणकारांनी जरा उजेड पाडा. शिव्या घातल्या तरी चालतील पण माहितीसकट घाला.

---

जुनी रीळ

धागा आवडला, पॉमरवर मराठीत कुणी विचारेल असं वाटलं नव्हतं. जरा लांबण लावतो, चहा घेऊन बसा.

सगळ्यात आधी एक गोष्ट डोक्यात पक्की करा की पॉमर हा मूळचा विक्रीतला माणूस. नाटकातून आलेला नाही, फोटोग्राफीतून नाही, चित्रकार तर नाहीच नाही. जन्म १८८९चा, हिल्डेसहाइममधल्या ज्यू घरातला, आणि १९०७ साली म्हणजे अठराव्या वर्षी तो गोमाँ या फ्रेंच कंपनीच्या बर्लिन शाखेत चिकटला. तिथून व्हिएन्नाची शाखा, मग १९१२च्या सुमारास एक्लेर, ही पण फ्रेंचच, तिचा मध्य युरोपातला सगळा कारभार त्याच्याकडे आला. म्हणजे वयाच्या पंचविशीपर्यंत हा गडी काय करत होता तर दुसऱ्यांनी काढलेले सिनेमे घ्यायचे, कुठल्या शहरात काय चालतं ते बघायचं, थेटरवाल्यांशी घासाघीस करायची, आणि पैसे वसूल करायचे. पुढचं सगळं समजून घ्यायला ही किल्ली आहे असं माझं मत आहे.

१९१४ला महायुद्ध पेटलं आणि फ्रेंच कंपन्या एका रात्रीत शत्रूच्या कंपन्या झाल्या. जर्मनीतल्या त्यांच्या मालमत्तेवर टाच. आता थेटरं तर चालू आहेत, लोकांना सिनेमा पाहिजे, आणि माल यायचा बंद. पॉमरने १९१५मध्ये बर्लिनला स्वतःची कंपनी काढली, डेक्ला, नाव कशावरून तर 'डॉइच एक्लेर' म्हणजे जर्मन एक्लेर. जुन्याच दुकानाची पाटी बदलली म्हणा ना. स्वतः मात्र आघाडीवर होता, जखमी झाला, आयर्न क्रॉस हे शौर्यपदक मिळालं, आणि कंपनी मागे बाकीचे साथीदार चालवत होते. १९१६पासून परदेशी सिनेमांच्या आयातीवर जी बंदी आली ती युद्ध संपल्यावरही १९२०च्या अखेरपर्यंत टिकली, त्यामुळे देशी कंपन्यांची चांदी झाली.

याच काळात दुसरीकडे उफा ही मोठी सिनेमा कंपनी जन्माला आली, डिसेंबर १९१७, तीसुद्धा सेनापती लुडेनडोर्फच्या पुढाकाराने, प्रचारासाठी, पैसा डॉइच बँक आणि सरकारचा, भांडवल अडीच कोटी मार्क. उफाने मेस्टरची कंपनी, डेव्हिडसनची कंपनी असं मोठमोठं सगळं पोटात घातलं. डेक्ला बाहेर राहिली. १९२०मध्ये ती बायोस्कोप नावाच्या कंपनीत मिसळली आणि त्या सौद्यात पॉमरला नॉयबाबेल्सबर्गचा स्टुडिओ मिळाला, आणि १९२१मध्ये उफाने ही डेक्ला-बायोस्कोपच गिळली. गंमत बघा, गिळली उफाने, पण १९२३पर्यंत उफाच्या सगळ्या निर्मितीचा प्रमुख कोण तर पॉमर. मासा मोठा, पण पोटात गेलेल्यानेच सुकाणू धरलं.

आता तुमचा प्रश्न, करायचा काय. उफात त्या काळी जी पद्धत होती ती अशी की दिग्दर्शक आणि त्याची टोळी, म्हणजे लेखक, कॅमेरामन, नेपथ्यकार, यांना एकत्र ठेवायचं, विषय ठरला की बऱ्यापैकी मोकळं सोडायचं आणि वरच्या संचालक मंडळाला त्यांच्यापासून लांब ठेवायचं. पॉमरचं काम टोळ्या जमवण्याचं. फ्रिट्झ लांगला, म्हणजे पुढे निबेलुंगेन आणि मेट्रोपोलिस काढणाऱ्याला, व्हिएन्नाहून त्यानेच उचलला, तेव्हा लांग युद्धातून परतलेला, पटकथा लिहिणारा पोरगा होता. पटकथाकार कार्ल मायर, मुर्नाऊ, कॅमेरामन कार्ल फ्रॉइंड, नेपथ्यातले हर्ल्ट आणि रोरिग, ही सगळी माणसं फिरून फिरून त्याच्याच सिनेमांत भेटतील तुम्हाला. 'द लास्ट लाफ'च्या वेळी त्याने मंडळींना सांगितलं म्हणे की काहीतरी नवीन शोधा, वेडगळ असलं तरी चालेल. ही आठवण सांगोवांगीची आहे पण सिनेमा बघितला की खोटी वाटत नाही. पहिलाच शॉट, कॅमेरा लिफ्टमधून खाली उतरतो आणि हॉटेलच्या लॉबीतून थेट फिरत्या दरवाजापर्यंत जातो, त्यासाठी फ्रॉइंडने कॅमेरा सायकलवर घेतला होता, दारूच्या नशेच्या सीनला तर स्वतःच्या छातीवर बांधून लडखडत चालला. १९२४ साल आहे हे. आणि अख्ख्या सिनेमात संवादाच्या पाट्या नाहीत, शेवटाआधी एकच पाटी येते. पाट्या नाहीत म्हणजे काय, भाषांतर नको! कुठल्याही देशात विका. इथे तो जुना एक्लेरचा एजंट दिसतो मला.

बाकीचं नंतर, हात दुखले.

---

खट्याळ खलाशी

रीळबुवा फॉर्मात. पॉपकॉर्न घेऊन बसलोय.

---

चष्मिष्ट

जुनी रीळ यांचा प्रतिसाद छान पण कॅलिगरीचं श्रेय पॉमरच्या खिशात जायच्या आधी मला ब्रेक मारायचाय.

कॅलिगरी चित्रित झाला १९१९च्या डिसेंबरअखेर ते जानेवारी १९२०, बर्लिनच्या वायसेनझे भागातल्या एका लहानशा स्टुडिओत. त्या वेळी डेक्लाच्या निर्मितीचा प्रमुख पॉमर नव्हताच! रुडॉल्फ माइनर्ट होता. १९१९मध्ये माइनर्टची कंपनी डेक्लात आली आणि निर्मिती त्याच्याकडे गेली, पॉमर परदेशी विक्री बघत होता. नेपथ्यकार हर्मान वार्मने नंतर स्पष्ट सांगितलंय की रंगवलेल्या वाकड्यातिकड्या सेटची कल्पना आम्ही, म्हणजे वार्म, राइमान आणि रोरिग यांनी मांडली आणि होकार माइनर्टने दिला. पॉमर मात्र पुढे अमेरिकेत बसून जी गोष्ट सांगायचा त्यात दोन फाटके लेखक त्याच्या ऑफिसात येतात, हा त्यांना कटवायला बघतो, ते हट्टाने पटकथा वाचून दाखवतात आणि हा लगेच विकत घेतो. छान गोष्ट आहे. इतकी छान की संशय यावा. तीच तऱ्हा विजेच्या गोष्टीची, वीज मोजून मिळायची म्हणून सावल्या रंगवून टाकल्या वगैरे. अहो, पडद्यावर दिसतंय की दिवे भरपूर आहेत, आणि रस्ते, खिडक्या, खुर्च्या, सगळंच वाकडं आहे, ते काय विजेच्या तुटवड्याने वाकलं?

आणखी एक. कॅलिगरीची ती चौकट, म्हणजे शेवटी कळतं की सांगणारा वेड्यांच्या इस्पितळात आहे, ती वरून लादली आणि त्यामुळे सत्तेविरुद्धची कथा सत्तेच्या बाजूची झाली, असं लेखक यानोविट्झ सांगायचा आणि सिनेमाचा अभ्यासक क्राकाउअरने १९४७च्या त्याच्या प्रसिद्ध पुस्तकात तेच धरून मोठा सिद्धांत उभा केला. पिढ्यान् पिढ्या लोक तेच घोकत होते. मग वर्नर क्राउसकडे, म्हणजे ज्याने कॅलिगरीचं काम केलं त्याच्याकडे, असलेली मूळ पटकथेची प्रत उजेडात आली आणि बघतात तर काय, चौकट आधीपासूनच होती! वेगळी होती, त्यात कथेतले नायक-नायिका फ्रान्सिस आणि जेन लग्न होऊन सुखात आहेत आणि पाहुण्यांना जुनी हकीकत सांगतायत. म्हणजे बदल झाला हे खरं, पण 'साधी क्रांतिकारक कथा होती, ती व्यापाऱ्यांनी बिघडवली' हे तितकंसं खरं नाही. बदल नेमका कुणाच्या डोक्यातला यावरही एकमत नाही, लांगही म्हणायचा की मी सुचवला, कारण आधी दिग्दर्शन त्याच्याकडे होतं, पण 'स्पायडर्स' या त्याच्या सिनेमाच्या दुसऱ्या भागात अडकल्याने ते रॉबर्ट वीनेकडे गेलं.

यशाला बाप शंभर असतात तसली गत आहे. त्यामुळे अर्धविराम, 'प्रत्येकाचा निर्माता पॉमर' यातून कॅलिगरी अर्धा तरी वजा करा.

---

जुनी रीळ

चष्मिष्टराव, माइनर्टचा मुद्दा शंभर टक्के मान्य, मीही तो लिहिणारच होतो (खरंच). पण मग एक सांगा, परदेशी विक्री बघत होता हे तुम्ही असं बोलता जणू तो कोपऱ्यात बसून टपाल तिकिटं चिकटवत होता.

१९२०चं जग आठवा. जर्मनी युद्ध हरलेली, फ्रान्स-इंग्लंडात जर्मन सिनेमा म्हटला की थेटरवाले दार लावून घेणार. तिथे साधा प्रेमपट नेऊन कोण विचारणार होतं, तसले अमेरिकन लोक हजारांनी आणि जास्त चकचकीत बनवत होते. हॉलिवूडची नक्कल केली तर मार खाणार हे ज्याने दहा वर्षं माल विकलाय त्यालाच कळणार ना? त्यांच्याकडे नाही असं काय आहे आपल्याकडे, तर चित्रकार, रंगभूमी आणि भुताखेतांच्या गोष्टींची परंपरा. पॉमरने स्वतः नंतर या अर्थाचं सांगून ठेवलंय की ती शैली म्हणजे काहीतरी वेगळं करून विकण्याची धडपड होती. कलेचं लेबल लावून निर्यात! बर्लिनमध्ये २६ फेब्रुवारी १९२०ला मार्मोरहाउस थेटरात प्रिमियर झाला त्याच्या आधीपासून भिंतींवर नुसतीच 'तुला कॅलिगरी व्हावंच लागेल' अशी पोस्टरं लागली होती, सिनेमाचं आहे हेही कळू नये अशी. १९२१ला गोल्डविन कंपनीने तो अमेरिकेत लावला.

(अमेरिकेचं दार पहिल्यांदा ढकललं ते दिग्दर्शक लुबिच आणि निर्माता डेव्हिडसनच्या 'मादाम ड्युबरी'ने, डिसेंबर १९२०, तेही 'पॅशन' असं नाव देऊन, म्हणजे जर्मन वास येऊ नये म्हणून. पॉल डेव्हिडसनवर वेगळा धागा हवा. नटी आस्टा नील्सनला करारबद्ध करणारा, लुबिचला वर आणणारा, पॉमरच्या आधीचा खरा मोठा निर्माता तो, आणि आज नाव कुणाला ठाऊक नाही.)

---

अर्धविराम

बापरे, एका रात्रीत एवढं. दोघांचेही आभार. मला आता कॅलिगरी परत बघावा लागणार, पाहुण्यांना सांगितलेली हकीकत अशी कल्पना करून.

पण मेट्रोपोलिसचं राहिलंच. हाकलला की नाही?

---

हिशेबनीस

हे माझ्या आवडीचं खातं. मी जाहिरातींच्या शूटवर प्रॉडक्शनचं काम करतो, म्हणजे बजेट फाटलं की शिव्या खाणारा तो मी, त्यामुळे पॉमरबद्दल जरा जास्तच जिव्हाळा आहे.

तारखा लावून बघा. मेट्रोपोलिसचं शूटिंग मे १९२५ ते ऑक्टोबर १९२६. प्रिमियर १० जानेवारी १९२७, उफा-पालास्ट आम झू. पॉमरने उफा सोडली जानेवारी १९२६मध्ये. म्हणजे सिनेमा अर्धामुर्धा झालेला असताना, पडायच्या वर्षभर आधी. 'मेट्रोपोलिस पडला म्हणून हाकलला' हे कालगणनेतच बसत नाही. बजेट फाटत होतं म्हणून गेला असं म्हणा हवं तर, ते बरोबर आहे. १५ लाख मार्कांचा अंदाज होता, शेवटी ५० लाखांच्या वर गेला. मी असं केलं असतं तर दुसऱ्या दिवशी गेटवर फोटो लावला असता माझा.

पण उफा एकट्या मेट्रोपोलिसने बुडाली हेही अर्धसत्य, आणि ते का हे समजायला महागाई बघावी लागते. १९२२-२३मध्ये मार्कची जी घसरगुंडी झाली त्यात सिनेमावाल्यांची उलट मजा झाली. कारण सोपं आहे, सुतार, रंगारी, एक्स्ट्रा यांचे पगार मार्कमध्ये, आणि परदेशी विक्रीचे पैसे डॉलर, फ्रँक, गिल्डरमध्ये. एखाद्या छोट्या देशाचे हक्क विकले तरी खर्च भरून निघायचा. देशातल्या लोकांचं म्हणाल तर हातात नोट आली की ती संध्याकाळपर्यंत रद्दी, मग साठवण्यापेक्षा थेटरात गेलेलं काय वाईट. अशा हवेत पॉमरची 'मोकळं सोडा, मोठं करा' ही पद्धत वाढली. मग नोव्हेंबर १९२३ला नवं चलन आलं, त्या वेळी एका डॉलरला ४.२ लाख कोटी जुने मार्क असा भाव होता, आणि एका फटक्यात चलन स्थिर झालं. देशासाठी बरं, पण निर्यातीचा सगळा फायदा गेला. जर्मन सिनेमा आता जर्मन सिनेमाच्याच खऱ्या किमतीला पडायला लागला आणि अमेरिकन सिनेमे दणादण आत यायला लागले. आणि आमचे उफावाले मात्र, ज्या तोऱ्यात निबेलुंगेनसाठी स्टुडिओत जंगलं उभारली, लांबलचक ड्रॅगन पळवला (आत माणसं बसवून चालवलेला, काय भारी आहे पण तो), त्याच तोऱ्यात फाउस्टचं एकेक दृश्य महिनोन् महिने घोटतायत. मुर्नाऊ आणि लांग दोघेही एकाच वेळी मोकाट. पैशाला विचारणारं वर कुणी नाही, कारण पॉमरनेच तशी व्यवस्था लावलेली, आणि पॉमर स्वतः दिग्दर्शकाला नाही म्हणणारा माणूस नव्हता. गुण होता तोच नडला, सरळ आहे.

डिसेंबर १९२५मध्ये उफाला कर्ज काढावं लागलं, पॅरामाउंट आणि एमजीएमकडून, ४० लाख डॉलर. तिघांच्या नावांची मोडतोड करून त्या कराराला 'पारुफामेट' म्हणतात. अटी वाचून डोळे पांढरे होतात. दोन्ही अमेरिकन कंपन्यांचे प्रत्येकी २० सिनेमे उफाने दरवर्षी वितरित करायचे, स्वतःच्या थेटरांतला मोठा वेळ त्यांना द्यायचा, आणि बदल्यात उफाचे दहा सिनेमे अमेरिकेत लागणार, तेही अमेरिकन प्रेक्षकाला रुचतील असे वाटले तर. रुचतील की नाही कोण ठरवणार, तर तेच. हा करार झाला आणि महिन्याभरात पॉमर बाहेर. आणि जाऊन कुठे गेला? पॅरामाउंटला! हॉलिवूडमध्ये नटी पोला नेग्रीचे 'हॉटेल इम्पीरियल' आणि 'बार्ब्ड वायर' असे दोन सिनेमे त्याने केले.

इकडे पॅरामाउंटने मेट्रोपोलिस कापून कुटून लहान केला, मग उफानेही जर्मनीत कापीव आवृत्तीच लावली. आपण आज जो जवळपास पूर्ण बघतो तो २००८मध्ये ब्यूनोस आयर्सच्या म्युझियममध्ये घासलेली १६ मिमीची प्रत सापडली म्हणून. मधेच चित्र एकदम पावसाळी होतं ना, ते तुकडे तिथले.

---

खट्याळ खलाशी

लांगला मेट्रोपोलिस न्यूयॉर्कच्या इमारती बघून सुचला म्हणतात, तेव्हा पॉमर सोबत होता ना?

---

चष्मिष्ट

सोबत होता, ऑक्टोबर १९२४, दोघे मिळून अमेरिका बघायला गेले होते, स्टुडिओंत काय चालतं ते शिकायला. पण मेट्रोपोलिसच्या पटकथेचं काम त्याआधीच सुरू झालं होतं, त्यामुळे 'बोटीवरून रात्री इमारती बघितल्या आणि सिनेमा सुचला' ही लांगची गोष्ट पॉमरच्या 'दोन लेखक ऑफिसात आले'च्या शेजारी मांडा. ही सगळी माणसं स्वतःच्या आयुष्याची पण पटकथा लिहायची.

---

मीठभाकर

एक बारीकशी भर. आपले हिमांशू राय त्याच काळात जर्मनांबरोबर सिनेमे करत होते. 'प्रेम संन्यास' १९२५चा, तो म्युनिकच्या एमेल्का कंपनीबरोबर, ती काढणारा पीटर ऑस्टरमायर आणि सिनेमाचा दिग्दर्शक त्याचा भाऊ फ्रान्झ ऑस्टेन. पुढचा 'शिराझ' उफाबरोबर. म्हणजे 'परदेशात विकता येईल असं वेगळं काहीतरी' ही भूक एकट्या पॉमरची नव्हती, तिकडच्या सगळ्यांनाच लागली होती.

बाकी चालू द्या.

---

जुनी रीळ

हिशेबनीस यांनी पैशाचं फार छान मांडलंय, मला जमलं नसतं. फक्त कथा १९२६ला संपवू नका, कारण माझ्या मते पॉमर खरा शिकला तो अमेरिकेत.

१९२७ला उफा हुगेनबर्गने विकत घेतली, वर्तमानपत्रांचा सम्राट, कट्टर उजवा, आणि कारभाराला क्लिट्श नावाचा हिशेबी माणूस बसवला. आणि या क्लिट्शने परत बोलावलं कुणाला, तर पॉमरला! आता मात्र पद्धत वेगळी. हॉलिवूडसारखी, निर्मात्याची स्वतःची तुकडी, पटकथा आधी पक्की, वेळापत्रक पक्कं, बजेट पक्कं, आणि श्रेयनामावलीत 'एरिख पॉमर निर्मिती' असं ठसठशीत नाव. आधीचा पॉमर दिग्दर्शकामागे उभा असायचा, हा पुढे उभा आहे. योए मायचे 'हाइमकेअर' आणि 'आस्फाल्ट' बघा, १९२८-२९चे. आस्फाल्टमध्ये बर्लिनचा अख्खा रस्ता, दुकानं, बस, गाड्या, ट्रॅफिक पोलीस, सगळं स्टुडिओच्या छपराखाली उभं केलंय, मूकपटाच्या शेवटाची ही सगळ्यात देखणी फुलबाजी. कथा साधीच, हवालदार आणि चोरटी बाई, पण कॅमेरा बघा.

मग बोलपट आला आणि अनेक जण कोलमडले, पॉमर नाही. त्याचा जुना प्रश्न परत आला, भाषा! पाट्या बदलून जगभर विकायची सोय संपली. तर यांनी एकच सिनेमा त्याच सेटवर दोन-तीन भाषांत लागोपाठ शूट करायला घेतला. 'ब्लू एंजल' जर्मन आणि इंग्रजीत, प्रिमियर १ एप्रिल १९३०, दिग्दर्शक स्टर्नबर्गला अमेरिकेहून बोलावलं नट यानिंग्जसाठी आणि सगळं गाजवलं मार्लेन डिट्रिशने. 'काँग्रेस डान्सेस' तर जर्मन, इंग्रजी, फ्रेंच तिन्हीत, आणि लिलियन हार्वी तिन्हींत नायिका, नायक बदलतात पण ही तीच. बाईचं कौतुक वाटतं.

---

हिशेबनीस

आणि १९३३.

हे लिहिताना दर वेळी अंगावर येतं. २८ मार्च १९३३ला हिटलरचा प्रचारमंत्री गोबेल्सने बर्लिनच्या कायझरहोफ हॉटेलात सिनेमावाल्यांना गोळा करून भाषण ठोकलं, चांगला सिनेमा कसा असतो याची उदाहरणं दिली, आणि त्यात एक नाव होतं निबेलुंगेन. पॉमरच्या उफातला. दुसऱ्या दिवशी, २९ मार्चला, उफाच्या संचालक मंडळाची बैठक झाली आणि ज्यू कर्मचाऱ्यांना काढून टाकायचं ठरलं, त्या यादीत पॉमर. कायद्याने अजून तसं सांगितलेलंही नव्हतं, यांनी आपणहून केलं. आयर्न क्रॉस वगैरे सगळं होतंच त्याच्याकडे, काय उपयोग.

तिथून पॅरिस, फॉक्स या अमेरिकन कंपनीसाठी लांगबरोबर 'लिलिओम' (लांगही तोवर निघाला होता), मग हॉलिवूड, मग लंडन, तिथे चार्ल्स लॉटनबरोबर मेफ्लॉवर नावाची कंपनी, तिचा शेवटचा सिनेमा हिचकॉकचा 'जमैका इन'. मग परत अमेरिका, आरकेओ हा हॉलिवूडचा स्टुडिओ. १९४१ला हृदयविकाराचा झटका आला, आरकेओने करार पुढे चालवला नाही, आणि नंतर काही काळ तो आणि त्याची बायको गर्ट्रूड चिनी मातीची भांडी रंगवून घर चालवत होते. ज्याच्या सहीने लाखो मार्क सुटायचे तो माणूस.

---

अर्धविराम

हे माहीत नव्हतं. निबेलुंगेन बघितला तेव्हा वाटलं होतं की असला सिनेमा त्या लोकांना आवडला असणारच, पण दुसऱ्याच दिवशी? आता तो परत बघवेल की नाही कोण जाणे.

युद्धानंतर परत गेला का जर्मनीत?

---

चष्मिष्ट

गेला, आणि कसा, तर अमेरिकन नागरिक म्हणून (१९४४ला झाला), १९४६ मध्ये, अमेरिकन लष्करी प्रशासनाचा फिल्म अधिकारी बनून. कुणाला सिनेमा काढायची परवानगी द्यायची, कुठला स्टुडिओ परत उभा करायचा हे त्याच्या टेबलावर. ज्यांनी बारा वर्षं नाझी काळात मजेत सिनेमे काढले ते लायसन्स मागायला याच्या दारात! जर्मनांना वाटायचं आपला पॉमर आला, आता जुने दिवस परत येतील, हॉलिवूडवाल्यांना वाटायचं हा आपल्या पैशावर आपलाच स्पर्धक उभा करतोय, दोघेही नाराज. आणि त्याचा तो नॉयबाबेल्सबर्गचा स्टुडिओ पडला रशियन भागात, तिथे डेफा ही पूर्व जर्मनीची सिनेमा कंपनी सुरू झाली. १९४९पर्यंत हे काम केलं, मग म्युनिकला कंपनी काढून थोडे सिनेमे केले, त्यातला १९५५चा 'किंडर, म्युटर उंड आइन जनरल' युद्धविरोधी आणि धारदार आहे, मिळाला तर सोडू नका. १९६६ला लॉस एंजेलिसला वारला.

कॅलिगरीवरून मी बराच भांडलो पण एक कबूल करतो. माइनर्टने होकार दिला हे खरंच, पण माइनर्ट त्यानंतर तसं दुसरं काही करू शकला नाही. पॉमरने तो एकच सिनेमा केला नाही आणि बाकीचे सगळे केले.

---

खट्याळ खलाशी

चष्मिष्ट आणि कबुली, स्क्रीनशॉट काढून ठेवतो.

---

जुनी रीळ

मीही काढला.

अर्धविराम, पुढचा सिनेमा 'व्हरायटी' घ्या, १९२५, डुपाँचा. सर्कशीच्या झोक्यावरचा कॅमेरा आहे फ्रॉइंडचा. यानिंग्जच्या पाठीवरून अभिनय बघायचा, तोंड दिसत नाही बराच वेळ. आणि पूर्ण आवृत्ती शोधा, अमेरिकन कापीव आवृत्तीत पहिला भागच उडवलाय, मग कथा वेगळीच कळते. बघून झाला की इथेच लिहा.

---

अर्धविराम

सापडला, सुरुवातीला तुरुंग आहे म्हणजे बहुतेक पूर्ण आवृत्ती नाही ना ही? की दोन्हीत तुरुंग असतो?

---

जुनी रीळ

दोन्हीत असतो. तुरुंगानंतर हॅम्बुर्ग बंदरातला तंबू आणि त्याची पहिली बायको-पोर दिसली तर पूर्ण. थेट बर्लिनचं थेटर आलं तर बंद करा.